सोनकांबळ्यांचं न पडणारं घर

रविवारी सकाळी अकरा वाजून बावीस मिनिटांनी भाईंदर पश्चिमेच्या ‘शीतलछाया’ सोसायटीच्या गच्चीवर एका घरावर पाचशे लिटर पाणी सोडण्यात आलं. पाणी वाहून गेलं. घर जागेवर राहिलं.

घर दोन फूट उंच आणि तीन फूट लांब होतं. ते पडताना पाहायला एक कॅमेरा, तीन दिवे, सिनेमाच्या युनिटमधली सहा माणसं आणि सोसायटीचे सुमारे चाळीस रहिवासी जमले होते. पाण्याने अंगणातली बैलगाडी नेली, गवताची गंजी नेली, कुंपण नेलं, आणि उजेड फेकण्यासाठी कोणीतरी धरलेला थर्माकोलचा पांढरा तक्ताही नेला. हा सगळा ऐवज गच्चीच्या कोपऱ्यातल्या जाळीशी जाऊन अडकला. घराच्या भिंतीवर ओरखडा नव्हता. ओलं झाल्यामुळे ते उलट जास्तच देखणं दिसत होतं.

“दिवाळीला रंग दिल्यासारखं झालंय,” गर्दीतली एक बाई म्हणाली.

घर बांधणारे धम्मपाल सोनकांबळे, वय चोपन्न, पाण्याच्या पिंपाशेजारी उभे होते. त्यांची मुलगी मिनल रडकुंडीला आली होती. दिग्दर्शक अभिनव कठड्याकडे तोंड करून खाडीकडे पाहत होता. सोनकांबळ्यांच्या चेहऱ्यावर मात्र जे काही होतं, त्याला दुःख म्हणणं कठीण होतं. त्यांच्या पत्नी पंचशीला तो चेहरा सव्वीस वर्षं ओळखत होत्या.

“खुश होऊ नका,” त्या हळूच म्हणाल्या. “पडायला हवं होतं ते.”

“हो, पण बघितलंस ना? केसाएवढी चीर नाही.”

सोनकांबळे कवळ्या बनवतात. ‘शीतलछाया’च्या तळमजल्यावर त्यांची दोन खोल्यांची लॅब आहे. भाईंदर आणि मीरा रोडचे बारा दंतवैद्य पेशंटच्या जबड्यांचे साचे तिथे पाठवतात आणि सोनकांबळे त्यावरून दात घडवतात. एकोणतीस वर्षांत त्यांची एकही कवळी मोडून परत आलेली नव्हती. गोडदेवचे आत्माराम भोईर त्यांच्या कवळीने अकरा वर्षं सुके बोंबील खात होते आणि दरवर्षी येऊन तसं सांगून जात होते.

या धंद्याचा एक तोटा आहे. काम उत्तम झालं की ते दिसत नाही, आणि दिसलं तर ते उत्तम नाही. लग्नात भेटलेल्या माणसाच्या तोंडाकडे बोट दाखवून ‘ते माझं’ असं म्हणता येत नाही. सोनकांबळ्यांनी एकदा म्हटलं होतं. पुढे तासभर सगळा मांडव त्या गृहस्थांच्या दातांकडे बघत राहिला, आणि ज्या दातांत कोणाला काही वावगं दिसलं नव्हतं, ते आता जरा पुढेच आहेत, असं सर्वांचं मत पडलं. त्या घरचं आमंत्रण पुन्हा आलं नाही.

मिनल एका मराठी सिनेमाच्या कलाविभागात मदतनीस आहे. तिचं हे पहिलंच काम. सिनेमात खाडीकाठचं एक घर पुरात कोसळतं. निर्मात्यांचं म्हणणं होतं की हे कॉम्प्युटरवर करून घ्यावं, अंधेरीत अशी माणसं आहेत. अभिनवचं म्हणणं होतं की पाणी खोटं दिसलं की प्रेक्षक रडायचा थांबतो, तेव्हा छोटं का होईना, घर खरं हवं, माती खरी हवी आणि पाणी खरं हवं. बैठकीत वाद चालू असताना मागच्या खुर्चीवरून मिनल बोलून गेली, “माझे पप्पा करतील.”

निर्मात्यांनी पप्पांचा अनुभव विचारला. मिनलने “एकोणतीस वर्षं” असं सांगितलं आणि कशाचा ते सांगितलं नाही. तेव्हा ठरलं ते असं: या कामासाठी एक खास कॅमेरा भाड्याने आणायचा. तो परत करायच्या आत घर नीट पडलं तर शॉट सिनेमात जाईल आणि सिनेमाच्या शेवटी नावांच्या पाट्यांमध्ये सोनकांबळ्यांचं नाव लागेल. नाही पडलं तर काम अंधेरीला. मिनलने पुन्हा कधी बैठकीत तोंड उघडावं की नाही, हेही त्यातच ठरणार होतं.

हा कॅमेरा एका सेकंदात शंभरावर चित्रं घेतो. गच्चीवर जे एका सेकंदात घडतं ते पडद्यावर पाच सेकंद चालतं, त्यामुळे दोन फुटांचं घर मोठ्या घरासारखं सावकाश आणि जड कोसळल्यासारखं वाटतं. पाण्याचा थेंब मात्र कोणाच्या सांगण्याने लहान होत नाही. दोन फुटी घराच्या कौलांवर तो नारळाएवढा दिसतो. म्हणून पाण्यात थोडा साबण घालतात, की थेंब फुटून बारीक होतात. ही सगळी माहिती मिनलने घरी जेवताना दिली. सोनकांबळ्यांनी त्यातलं एवढंच लक्षात ठेवलं की आपलं काम पाचपट वेळ आणि शंभरपट लोकांना दिसणार आहे. त्या दिवसापासून ते भात चिवडता चिवडता हवेत कौलं मोजू लागले.

गच्ची वापरण्यासाठी सोसायटीचा छापील अर्ज आहे. त्यात कारणापुढे तीन चौकोन आहेत: वाळवण, मंगलकार्य, इतर. सोनकांबळ्यांनी ‘इतर’वर खूण केली आणि पुढच्या रेघेवर स्वच्छ अक्षरात ‘पूर’ असं लिहिलं. सेक्रेटरी ईश्वरभाईंनी अर्ज तीन दिवस ठेवून घेतला. चौथ्या दिवशी ते स्वतः लॅबमध्ये आले.

“सोनकांबळेभाई, पीने का पानी आता है पैंतालीस मिनट. उसमें आप बाढ़ लाओगे?”

“छोटी बाढ़ है, ईश्वरभाई. पाँच सौ लिटर.”

“छोटी बोलके कोई बाढ़ नहीं आती. और टेरेस पे पानी भर गया तो?”

“क्यों, टेरेस लीक है क्या?”

ईश्वरभाईंनी अर्ज पुन्हा उघडून वाचला. ते चौथ्या, म्हणजे सर्वांत वरच्या मजल्यावर राहतात. दोन वर्षांपूर्वी गच्चीचं वॉटरप्रूफिंग त्यांच्याच शिफारशीने बाबाजी सावर्डेकर नावाच्या ठेकेदाराला दिलं होतं. काही सभासदांनी तक्रार केली तेव्हा ‘गच्ची गळत नाही’ असा ठराव ईश्वरभाईंनी बहुमताने मंजूर करून घेतला. गळती थांबवण्याचा याहून जलद उपाय अजून निघालेला नाही.

“टेरेस बिलकुल लीक नहीं है,” ते म्हणाले आणि परवानगी देऊन गेले. तिच्यात तीन अटी होत्या. पूर पाणी यायच्या वेळेत आणू नये. पुराने नुकसान झाल्यास अर्जदार जबाबदार राहील. पूर ओसरल्यावर गच्ची झाडून द्यावी.

नमुन्यासाठी घर मिळालं ते आत्माराम भोईरांचं. गोडदेवातलं त्यांचं कौलारू घर पाडून तिथे सात मजल्यांची इमारत उभी राहिली त्याला नऊ वर्षं झाली होती. जुने तीन फोटो घेऊन ते लॅबमध्ये येऊन बसत आणि कामावर देखरेख करत.

“खांब असा न्हाय,” ते म्हणाले. “आमचा खांब वाकरा व्हता.”

“काका, वाकडा कशाला? सरळ केलाय तर.”

“सरळ केलास, चांगला केलास. पन त्यो आमचा न्हाय.”

सोनकांबळ्यांनी खांब सरळच ठेवला. वाकडं काही हातून निघणं म्हणजे बारा डॉक्टरांना काय तोंड दाखवायचं. कौलं त्यांनी दातांच्या मेणात एकेक ओतली, सहाशे बारा. भिंती दाताच्या कामात साचे ओततात त्या कडक पिवळट प्लास्टरच्या. मिनलने तीनदा बजावलं होतं, “पप्पा, भिंत कमकुवत करा.” सोनकांबळ्यांनी तीनदा मान हलवली होती. एखाद्या सुगरणीला ‘जरा बेचव कर’ म्हणून सांगितल्यावर ती जशी मान हलवते, तशी.

आणि म्हणून पहिल्या रविवारी अकरा बावीसला जे झालं ते झालं. त्यात मिनलने साबण मापाने घातला होता, पण पूर कमी गढूळ वाटतो म्हणून पहिल्या मजल्यावरच्या एका हितचिंतकाने परस्पर आणखी एक पाकीट ओतलं. पूर फेसाळत आला. पूर कसला, धुण्याचा वार होता.

“काका,” अभिनव खाडीकडून मान वळवून म्हणाला, “पुढच्या रविवारी पडेल का? सोमवारी सकाळी कॅमेरा परत जातोय.”

“पडेल,” सोनकांबळे म्हणाले. आवाजात खात्री नव्हती, किंचित सुतक होतं.

सोमवारी सकाळी मिनलने हातोडी घेऊन त्या घराचं शवविच्छेदन केलं. चौथ्या घावाला प्लास्टर फुटलं आणि आतून चमकणारी तार दिसली. तिने आणखी एक टवका काढला. भिंतभर बारीक धातूची जाळी होती.

“हे काय आहे, पप्पा?”

“ते होय,” सोनकांबळे चष्मा पुसत म्हणाले. “कवळीच्या टाळूत घालतो ना आपण. न्यायला-आणायला बरं म्हणून.”

“तुम्ही पडायच्या भिंतीत जाळी घातलीत?”

“वर गच्चीवर न्यायचं होतं. चार मजले. मध्येच काही झालं असतं म्हणजे?”

 मिनलने हातोडी टेबलावर ठेवली आणि ती कामाला निघून गेली. आरडाओरडा झाला असता तर सोनकांबळ्यांना बरं वाटलं असतं.

मंगळवारपर्यंत बातमी इमारतभर झाली आणि सल्ले येऊ लागले. बत्तीस घरांपैकी एकतीस घरांना घर कसं पाडावं याची माहिती होती. भिंत पापडाची करा. भिंत नानकटाईची करा. आतून दोरा बांधून ओढा. एका निवृत्त शिक्षकांनी वीस मिनिटं भूकंपाबद्दल सांगितलं आणि मग पुराची चौकशी केली. पण एक नाव सगळ्यांच्या तोंडी होतं. ‘पडणारी भिंत हवी असेल, तर सावर्डेकरांना विचारा.’

ठेकेदार बाबाजी सावर्डेकर बुधवारी चहाला आले. सोनकांबळ्यांनी विषय काढला, तसा त्यांनी कप खाली ठेवला.

“म्हणजे मला अपमान करायला बोलावलंत.”

“नाही हो. सल्ला हवाय.”

“दुसऱ्या मजल्यावरच्या बाथरूमचं कोणी सांगितलं तुम्हाला?”

“कोणी म्हणजे, सगळ्यांनीच.”

बाबाजींनी काही क्षण भिंतीकडे पाहिलं. ती भिंत दुसऱ्याच ठेकेदाराची होती. मग त्यांच्यातला कारागीर जागा झाला.

“किती टिकायला हवी?”

“पाणी येईपर्यंत.”

“आणि पाणी आल्यावर?”

“एका सेकंदात पडायला हवी.”

“एवढी नेमकी हमी मी आजवर कोणाला दिलेली नाही,” बाबाजी म्हणाले. “आमचं पडतं, नाही म्हणत नाही. पण कधी, ते आमच्या हातात नसतं.” तरीही त्यांनी प्रमाण सांगितलं: वाळू दहा, सिमेंट एक, आणि वर पाणी अजिबात मारायचं नाही. “भिंतीला तहानलेली ठेवायची,” ते दारात वळून म्हणाले, आणि हे इतक्या हळुवारपणे म्हणाले, की सोनकांबळ्यांना हा मनुष्य प्रथमच समजल्यासारखा वाटला.

बाबाजींच्या प्रमाणाने दुसरं घर बांधलं गेलं. गुरुवारी संध्याकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी सोनकांबळे आणि पंचशीला ते फळीवर ठेवून, श्वास रोखून, जिन्याने वर नेत होते. दुसऱ्या मजल्यावर एका घरात कुकरची शिट्टी झाली. घर पडलं. त्या वेळी घटनास्थळी पाण्याचा थेंबही नव्हता.

बाबाजींना फोन केला. “पडलं ना?” ते म्हणाले. “मग?”

त्या संध्याकाळी मिनल आली तेव्हा पंचशीला जिन्यावरून सुपलीत घर भरत होत्या. मिनलने सुपलीत पाहिलं आणि पायरीवर बसली.

“जाऊ द्या, पप्पा. मी सोमवारी सांगते त्यांना. माझंच चुकलं. मी उगाच बोलले तिथे.”

सोनकांबळे एकोणतीस वर्षांत पहिल्यांदा लॅब लवकर बंद करून घरी गेले. ‘चुकलं’ त्यांनी सहन केलं असतं. ‘उगाच’ हा शब्द त्यांना जेवताना, बातम्या बघताना आणि दात घासताना पुन्हा पुन्हा ऐकू येत राहिला.

शुक्रवारी साडेदहा वाजता मीरा रोडच्या बेव्हर्ली पार्कमधून डॉक्टर ममतांचा फोन आला. सोनकांबळ्यांच्या बारा डॉक्टरांपैकी सर्वांत कडक म्हणजे या.

“सोनकांबळे, तुमची कॅप निघाली. पेशंट पेरू खात होता.”

“मोडली?”

“नाही, अख्खी निघाली. हातात घेऊन आलाय.”

“मग माझं काय चुकलं, मॅडम? ती तात्पुरतीच होती. तुम्ही कच्च्या सिमेंटने बसवली असेल. कच्च्या सिमेंटचं कामच ते, नीट धरायचं आणि ओढलं की सोडायचं. त्यात माझ्या कॅपची...”

सोनकांबळे थांबले. फोनमध्ये डॉक्टर दोनदा “हॅलो” म्हणाल्या.

“मॅडम, पेरू कच्चा होता की पिकलेला?”

“काय?”

“म्हणजे किती जोर लागला असेल निघायला?”

तात्पुरत्या कॅपसाठी दंतवैद्य लवंगेच्या तेलात कालवलेलं एक पांढरं सिमेंट वापरतात. आठवडाभर धरतं, हिसका बसला की सोडतं. सोनकांबळ्यांनी आयुष्यभर त्याचा तिरस्कार केला होता. लॅबच्या सगळ्यात खालच्या खणात, जिथे वापरलेले ब्रश टाकतात तिथे, त्याची एक जुनी डबी पडलेली असे. दुपारी एक वाजेपर्यंत त्यांनी भाईंदरमधून तसल्या आणखी सहा डब्या आणल्या होत्या. दुकानदाराने विचारलं, “एवढे दात कोणाचे पडणारेत?” सोनकांबळे म्हणाले, “घर पडणारंय,” आणि त्यांना इतकं हसू आलं, की दुकानदाराने पाणी पुढे केलं.

बेत असा होता. भिंत पक्कीच ओतायची, कारण कच्चं ओतणं त्यांना जमणार नव्हतं आणि ते आता त्यांनी मान्य केलं होतं. मग ती आधीच फोडायची आणि तुकडे जागच्या जागी कच्च्या सिमेंटने जोडायचे. न्यायला-आणायला घर, पाणी आल्यावर ढिगारा. भिंत शनिवारी सकाळी सात वाजता साच्यातून निघाली, गुळगुळीत, काटकोनात, निर्दोष. सोनकांबळ्यांनी हातोडी उचलली, भिंतीवर धरली, आणि पाच मिनिटांनी तशीच खाली ठेवली.

“द्या इकडे,” पंचशीला म्हणाल्या.

त्या भाईंदरच्या पोस्टात काउंटरला आहेत. सव्वीस वर्षं शिक्के मारलेला हात तो. बारा घावांत भिंतीचे चौऱ्याहत्तर तुकडे झाले. सोनकांबळे त्या वेळी पाठ करून उभे होते आणि प्रत्येक घावाला त्यांचा खांदा उडत होता.

मग मात्र त्यांच्या अंगात वारं शिरलं. प्रत्येक तुकड्याला मागून आकडा दिला आणि दातांच्या चिमट्याने एकेक बसवला. कोणता तुकडा आधी सुटेल, कोणता नंतर, कौलं कोणत्या बाजूने घसरतील, हे ते मोठ्याने बोलत होते, ऐकायला कोणी असो वा नसो. मिनल दारात येऊन उभी राहिली. लॅबमध्ये लवंगेचा दरवळ सुटला होता.

“मिनू, बघ, सत्तेचाळीस नंबरवर पाणी पहिलं लागणार. तो गेला की अठ्ठेचाळीस, एकोणपन्नास. मग दाराची चौकट. मग खांब.” ते थांबले. “खांब काढ तो. वाकडा करायचाय.”

“का?”

“भोईरकाकांचा वाकडा होता.”

शनिवारी दुपारी दोन वाजता घर तयार झालं आणि पाणी गेलं. जलवाहिनीच्या कामामुळे रविवार रात्रीपर्यंत पाणी येणार नाही, असा फलक सोसायटीच्या दारात तीन दिवसांपासून लावलेला होता. सोनकांबळे त्याच्यासमोरून दिवसातून सहा वेळा गेले होते. प्रत्येक वेळी ते कौलं मोजत होते.

ईश्वरभाई तयारीत होते. “रूल साफ है, सोनकांबळेभाई. टंकी में जो है वो पीने का है. पीने के पानी से बाढ़ नहीं आएगी.”

“आणि न पिण्याच्या?” पंचशीलांनी विचारलं.

ईश्वरभाईंनी विचार केला. अटींमध्ये तसं काही लिहिलेलं नव्हतं.

पाणी जाणार असलं की भाईंदरमधलं कोणतंही घर कपड्यांचं पाणी मोरीत सोडत नाही. ते बादल्यांत भरून ठेवतात, संडासात ओतायला आणि जिना धुवायला. पंचशीला शनिवारी संध्याकाळी बत्तीस दारांवर गेल्या आणि प्रत्येक दारात एकच वाक्य म्हणाल्या: “उद्या अकराला घर पडणारंय, एक बादली आणा.” घराच्या भवितव्यात आता एकतीस सल्ल्यांची गुंतवणूक झालेली होती. कोणी नाही म्हटलं नाही.

रविवारी साडेदहापासून जिन्यात बादल्यांची रांग लागली. कोणाचं पाणी निळसर, कोणाचं मातकट, लादी पुसलेलं एक तर अस्सल चिखलाच्या रंगाचं. निवृत्त शिक्षकांनी दोन बादल्या आणल्या आणि दुसरी आपल्या नावावर धरावी असं सुचवलं. ईश्वरभाई रिकाम्या हाताने वर आले, इकडेतिकडे पाहिलं, खाली गेले आणि अर्धी बादली घेऊन आले. अभिनवने पिंपात वाकून पाहिलं आणि त्याचा चेहरा उजळला.

“मिनल, हा रंग कसा केलास? आणि साबण किती घातलाय?”

“काही नाही घातलं,” मिनल म्हणाली. “सोसायटीने घातलाय.”

आत्माराम भोईर पहाटेच गोडदेवहून निघाल्यासारखे दिसत होते. धुतलेला पांढरा शर्ट होता, हातात छत्री होती. त्यांना पुढे खुर्ची दिली होती. ते बसले नाहीत. वाकून त्यांनी घराच्या ओटीवर पाहिलं, खांबावर बोट फिरवलं, आणि सोनकांबळ्यांकडे पाहून नुसती मान हलवली.

अकरा वाजून सत्तेचाळीस मिनिटांनी पिंप उलटलं.

पाणी पन्हळीतून उतरलं, अंगणात पसरलं, भिंतीला लागलं. सत्तेचाळीस नंबर गेला. पुढचं कोणाला नीट सांगता येत नाही, कारण ते सगळं मिळून एका सेकंदाच्या आत झालं. ईश्वरभाईंना नेमकी शिंक आली आणि त्यांचा पूर हुकला. “हो गया क्या?” असं ते रुमालाआडून विचारत होते तेव्हा घराच्या जागी ढिगारा होता, कौलं कोपऱ्यातल्या जाळीकडे निघाली होती, आणि गच्चीभर लवंगेचा वास पसरला होता. तीन आठवड्यांचं काम, सहाशे बारा कौलं आणि बत्तीस घरांचं धुणं, सगळं संपलं होतं.

टाळ्या लगेच वाजल्या नाहीत. सगळे आत्माराम भोईरांकडे पाहत होते.

“आमचा पन असाच परला,” ते म्हणाले. “पयला मधला, मंग खांब.” थोड्या वेळाने ते खुर्चीवर बसले. “तवा मी बगितला नव्हता. पोरांनी सांगितला व्हता.”

अभिनवने छोट्या पडद्यावर शॉट सावकाश लावला. सगळे त्याच्या पाठीवर ओणवले. पडद्यावर भिंत फुगली, एक क्षण तशीच राहिली, मग मधूनच खचली. वाकडा खांब सगळ्यात शेवटी, नको नको म्हणत गेला. थेंब धुक्यासारखे बारीक होते. अभिनवने तो अकरा वेळा लावला. कोणी म्हणालं, परत. त्याने बाराव्यांदा लावला, आणि मागे वळून सोनकांबळ्यांचा हात हातात घेतला. तो लवंगेच्या तेलाने चिकट झाला होता. “काका,” एवढंच तो म्हणाला. सोनकांबळ्यांनी मिनलकडे पाहिलं. ती बाराव्या वेळीही पडद्याकडे बघत नव्हती, त्यांच्याकडेच बघत होती.

सोमवारी सकाळी ईश्वरभाईंच्या बैठकीच्या खोलीत छताला भाकरीएवढा ओला डाग उमटला. तक्रार करावी तर गच्ची गळते हे मान्य करावं लागणार, आणि ती गळत नाही असा ठराव त्यांचाच. ते दोनदा लॅबमध्ये आले, डागाला निळसर छटा आहे एवढं सांगून गेले, आणि दुसऱ्यांदा जाता जाता त्यांनी ‘पाणी पुराचं होतं, गळतीचं नव्हतं’ असं लेखी मिळेल का, याची चौकशी केली. सोनकांबळ्यांनी विचार करून सांगतो म्हटलं.

बुधवारी दुपारी साडेचारला मिनलचा फोन आला. ती निर्मात्यांच्या ऑफिसात होती आणि कुजबुजत होती.

“पप्पा, निर्मात्यांनी शॉट पाहिला.”

“मग?”

“तीनदा पाहिला. मग म्हणाले, कॉम्प्युटरवाल्यांनी कमाल केलीय, पुढचं कामही त्यांनाच द्या.”

सोनकांबळे हातातली कवळी खाली ठेवून उभे राहिले. “म्हणजे त्यांना कळलंच नाही?”

“नाही ना.”

“जराही?”

“पप्पा, हसताय काय? खरं सांगितलं तर त्यांना लगेच चुका दिसायला लागतील. तुमच्या त्या लग्नातल्या दातांसारखं. नाही सांगितलं तर पाटीवर नाव अंधेरीवाल्यांचं लागेल.”

“अभिनव काय म्हणतो?”

“तो आत गेलाय सांगायला. दार लावून घेतलंय.”

सोनकांबळ्यांनी फोन कानाला तसाच धरला. पंचशीला पोस्टातून सुटून लॅबमध्ये आल्या, त्यांच्याकडे पाहिलं, आणि काही न विचारता शेजारच्या स्टुलावर बसल्या. मिनल मधून मधून “अजून नाही” असं सांगत होती. पाच वाजून दहा मिनिटांपर्यंत दार उघडलेलं नव्हतं.